किसनरावांची ख्मेर

फोन आला तेव्हा किसनराव अमरावतीच्या इतवारा बाजारात आपल्या जागेवर बसून सांबाराच्या, म्हणजे कोथिंबिरीच्या, जुड्यांवर पाणी शिंपडत होते. नंबर बाहेरदेशाचा होता. त्यांचा एकुलता एक मुलगा गोपाल नोकरीसाठी थायलंडला गेलेला, आणि कित्येक दिवसांत त्याचा आवाज ऐकलेला नव्हता. ओल्या हातानेच त्यांनी फोन कानाला लावला.

पलीकडे बाई बोलत होती. आवाज दबलेला, बोलणं भरधाव, आणि मागे बाजाराचाच गलका. एक अक्षर कळेना. मधूनच ती म्हणे, ‘कौन… कौन…’

किसनरावांना वाटलं, ही हिंदीत विचारते आहे. ते ओरडले, “मैं किसन! किसनराव, अमरावती से! आप कौन?”

बाई पुन्हा म्हणाली, ‘कौन,’ आणि फोन बंद झाला.

थोड्या वेळाने त्याच नंबरावरून आवाजाचा एक मेसेज आला. किसनरावांनी दुकान शेजाऱ्याच्या भरवशावर टाकलं, घर गाठलं आणि बायकोला, पार्बताबाईंना, जवळ बसवून तो लावला. गोपाल कुजबुजत होता.

“बाबा, मी थायलंडात नाई. गाडीत घालून कंबोडियात आनलं आमाले. एका इमारतीत कोंडून ठेवलं हाये. फोनवरून लोकाइले फसवाचं काम करून घेतात, नाई केलं त मारतात. माहा फोन घेऊन टाकला. हे मावशी अथी सयपाक करते, सकाळी बजारात जाते. तिच्या फोनात मी हे बोलून ठेवतो, थे बाहीर गेल्यावर पाठवन. तुमी या नंबरवर फोन करू नोका, मेसेज बी टाकू नोका. गेटवर तिचा फोन पायतात. थेच करन. बाबा, तिले आपलं समजत नाई अन् मले तिचं…”

पुढे नुसता भांड्यांचा आवाज होता.

पार्बताबाई रडल्या नाहीत. त्यांनी मेसेज पुन्हा लावायला सांगितला आणि संपल्यावर म्हणाल्या, “जेवत नाई थो. आवाजावरून समजते.”

दोघं पोलिसांच्या सायबर शाखेत गेले. तिथल्या गीतांजली मॅडमनी सगळं नीट लिहून घेतलं, ज्या एजंटाने नोकरी लावली त्याची अकोल्यातली जागा तपासायला माणूस पाठवला. तिथे कुलूप होतं. कंबोडियातल्या भारतीय वकिलातीकडे मॅडमनी मेल केला आणि उत्तर आलं ते किसनरावांना वाचून दाखवलं. अशा कोंडवाड्यांची तिकडे रांगच आहे. गाव कोणतं, इमारत कोणती, हे कळलं तर तिथल्या पोलिसांना पाठवता येईल. नाही तर शोधणार कुठे?

“गोपालले तरी माईत असन काय?” किसनराव म्हणाले.

“नसेल काका. गाडीच्या काचा बंद करून नेतात. पण त्या स्वयंपाकवाल्या बाईला नक्की माहीत असणार.”

पुढच्या वेळी बाईचा फोन आला तेव्हा किसनरावांनी तयारी ठेवली होती. एका फोनवर तिचं बोलणं आणि दुसऱ्या फोनवर भाषांतराचं ॲप. बाजाराच्या गोंगाटात बाई आपल्या खेड्याच्या बोलीत सुसाट बोलली आणि ॲपने सांगितलं, ‘बदक शिडीवर बसून तुमचे मीठ विचारत आहे.’ किसनरावांनी ॲपला मराठीत प्रश्न सांगितला. ॲपने तो तिच्या भाषेत म्हणून दाखवला, तोवर बाईने घाबरून फोन ठेवला होता. त्या मशीनच्या आवाजाला तिने काय समजलं असेल देव जाणे.

त्या दिवशी किसनरावांनी ठरवलं, की ही भाषा आपणच शिकायची.

साठीला टेकलेला माणूस. शाळा सातवीपर्यंत. बडनेऱ्याच्या वाटेवर थोडं भाजीपाल्याचं रान, आणि रोज पहाटे माल घेऊन इतवारा. पण त्याआधी, तरुणपणी, किसनराव बडनेऱ्याच्या एका टॉकीजमध्ये डोअरकीपर होते. रेल्वेची मंडळी ड्यूटी संपवून मारधाडीचे पिक्चर बघायला येत. त्यातले अर्धे तामिळ नाही तर चिनी असत, कधी डब केलेले, कधी तसेच. किसनराव बॅटरी घेऊन दारात उभे राहून सगळे बघत. टॉकीज बंद पडली, तिथे लग्नाचा हॉल झाला, तरी त्यांचा नाद सुटला नाही. पार्बताबाई त्यावरून त्यांना आयुष्यभर बोलत आल्या होत्या.

भाषा शिकवणारे व्हिडिओ त्यांनी आधी पाहिले. त्यात हॉटेलात खोली कशी मागायची, आंबा केवढ्याला, देऊळ किती सुंदर आहे, असलं होतं. किसनरावांना विचारायचं होतं, माझा मुलगा जिवंत आहे का. ते कोणी शिकवत नव्हतं.

मग त्यांनी कंबोडियाच्या फायटिंगच्या पिक्चरांचा शोध लावला. त्यांची भाषा ख्मेर. खाली अक्षरं असत, तीही ख्मेरच, जिलबीसारखी. पण पहिला पिक्चर अर्धा होईपर्यंत किसनराव मांडी सावरून बसले होते.

“पार्बते, हे सारं आपल्याले माईत हाये,” ते म्हणाले.

“काय माईत हाये?”

“गुंड घरात घुसला, बुढ्याची कॉलर धरली, त काय इचारन? थो कुठी हाये, हेच इचारन ना? हीरोवर बंदूक रोखली, त हलू नोको म्हनन. पोरीले म्हनन, पय. कोनताय मुलुख असो, मारधाडीत दुसरं कोनी काय बोलते?”

आणि खरंच तसं होतं. ‘नऊ ना?’ म्हणजे कुठे आहे. मराठी नवाचा आकडा असल्यासारखा हा शब्द त्यांच्या डोक्यात बसला. ‘रुत!’ म्हणजे पळ. ‘कोम’ लावलं की नको. ‘कोम ख्लाच’, घाबरू नको. छातीला कान लावून कोणी ‘स्लाप’ म्हणाला की माणूस मेलेला, आणि ‘रुअ’ म्हणाला की जिवंत. एकच मारामारी ते दहादा मागे नेऊन लावत. भाजीच्या जुड्या बांधताना एक कान पिक्चरकडे. गिऱ्हाईक म्हणे, “काका, काय हे पायत बसले?” किसनराव काही सांगत नसत. गोपालची बातमी त्यांनी बाजारात कोणाला कळू दिली नव्हती.

एकदा पिक्चरात कोणीतरी ओलिसांना रांगेत उभं करून मोजायला लागला. “मुय, पी, बेई, बुऑन…”

चुलीजवळच्या पार्बताबाई वळल्या. त्यांचं माहेर चिखलदऱ्याच्या पायथ्याचं. लहानपणी बापाबरोबर आठवडी बाजारात कोरकू आदिवासींना भाजी विकत त्या मोठ्या झाल्या होत्या.

“पुन्हा लावा बरं थे.”

किसनरावांनी लावलं.

“मिया, बारी, आफई, उफुन,” पार्बताबाईंनी बोटांवर मोजलं. “आमच्याकडचे कोरकू असेच मोजतात जी. मुय अन् मिया. बुऑन अन् उफुन. एकाच घरचे वाटते.”

असं का, हे त्यांना माहीत नव्हतं आणि त्यांनी खोलात जाऊन विचारही केला नाही. पण त्या दिवसापासून पार्बताबाई शेजारी येऊन बसू लागल्या. नवरा मारामारी ऐके, त्या बाकीचं ऐकत.

त्यामुळेच ती गोष्ट आधी त्यांना कळली. पिक्चरात एका म्हातारीचा मुलगा गोळी लागून पडला. म्हातारी त्याचं डोकं मांडीवर घेऊन ओरडत होती, “कौन! कौन!”

“कोन हाये म्हनून काहून इचारते थे?” किसनराव म्हणाले. “पोरगा तिचाच त हाये.”

पार्बताबाईंनी फोन त्यांच्या हातातून घेऊन बंद केला. त्यांचा चेहरा उतरला होता.

“इचारत नाई थे. कौन म्हंजे लेकरू. त्या बाईनं पयल्या दिवशी थेच सांगतलं तुमाले. तुमचं लेकरू, तुमचं लेकरू. अन् तुमी आपलं नाव सांगत बसले.”

त्यानंतर बाईचा फोन आला तो ऐन लिलावाच्या वेळी. चारी बाजूंनी बोली चाललेली. किसनराव फोन घेऊन कांद्याच्या पोत्यांमागे बसले आणि दुसरा कान बोटाने बंद केला.

“कौन… रुअ?” त्यांनी विचारलं. लेकरू जिवंत?

 मग बाई श्वास सोडावा तशी म्हणाली, “रुअ. रुअ. छू.”

जिवंत आहे. आजारी आहे. पिक्चरात पोट धरून माणसं ‘छू’ म्हणत, हे त्यांना ठाऊक होतं.

“नऊ ना?”

तिने एका गावाचं नाव घेतलं. त्यांनी ते परत म्हणून दाखवलं, तिने सुधारलं, त्यांनी पुन्हा म्हटलं. मग ती म्हणाली, “आकिआ लेख बुऑन.” लेख बुऑन. इमारत नंबर चार; पिक्चरातले गुंड असेच पत्ते सांगत.  किसनरावांना आणखी विचारायचं होतं, तिचं नाव, गोपाल जेवतो का, मारतात का. घाईघाईत ‘तू’ म्हणायला पिक्चरातला जो शब्द तोंडात आला तो त्यांनी वापरला, “हाएँग…”

बाई गप्प झाली. किसनरावांनी तोच शब्द आणखी जोराने म्हटला. फोन कट झाला.

गाव आणि इमारतीचा नंबर त्यांनी लगेच गीतांजली मॅडमना सांगितला. मॅडमनी तिथल्या तिथे वकिलातीला कळवलं. पण त्यानंतर बाईचा फोन येईना. एक आठवडा गेला. दुसरा गेला. वकिलातीकडून ‘तिथल्या पोलिसांना कळवले आहे’ एवढंच उत्तर. किसनराव बाजारात बसत, पण भाव सांगताना चुकत. फोन वाजला की अंगावर काटा येई, न वाजला की त्याहून जास्त. बाई पकडली गेली काय? गोपालला काही झालं काय?

शेवटी त्यांनी पार्बताबाईंना त्या फोनवर जे बोलले ते जसंच्या तसं म्हणून दाखवलं. हाएँग ऐकताच त्या म्हणाल्या, “हे कोन म्हनते पिक्चरात?”

“सारेच म्हनतात.”

“सारे नाई. थो गोंदलेला गुंड म्हनते, ज्याले मारून राह्यला त्याले. हीरो आपल्या मायले म्हनते काय? भावाले म्हनते काय? जे बाई जीव धोक्यात घालून फोन करून राह्यली तिले तुमी गुंडाच्या बोलीत अबे तुबे केलं!”

किसनरावांनी डोक्याला हात लावला. इतके दिवस ते ज्यांच्याकडून शिकत होते त्यांतले निम्मे खलनायक होते.

पुन्हा पहिल्यापासून सुरुवात झाली. आता मारामाऱ्या सोडून मधले प्रसंग बघायचे, जे किसनराव एरवी पुढे ढकलत. हीरो आईच्या पाया पडतो तो. जखमी माणसाला शेजारीण भात भरवते तो. मोठ्या बहिणीला, मोठ्या भावाला ‘बाँग’ म्हणतात. पुरुषाने हो म्हणायचं तर ‘बात’. चुकलो म्हणायचं तर हात जोडून ‘सोम तोह’. पार्बताबाई मास्तरणीसारख्या समोर बसून म्हणवून घेत. किसनराव म्हणत आणि मध्येच थांबत. “फोनच नाई आला त कोनाले म्हनू हे?”

फोन आला. सकाळची भाजी उतरवत होते तेव्हा. किसनराव उभ्या उभ्याच म्हणाले, “बाँग, सोम तोह. सोम तोह, बाँग.”

पलीकडून काही आवाज आला. हसली की रडली ते त्यांना कळलं नाही. मग ती बोलू लागली, या वेळी एकेक शब्द सुटा करून, लहान मुलाला घास भरवावा तसा.

“सआएक.” उद्या. “लान.” गाडी. “योक कौन तउ.”

लेकराला घेऊन जाणार. उद्या गाडी येणार आणि गोपालला दुसरीकडे नेणार.  गाव कळलं, इमारत कळली, आणि आता तो तिथेच नसणार. मॅडमनी एकदा सांगितलं होतं, हे लोक पोरांना एकाकडून दुसऱ्याला विकतात, मग माग लागत नाही.

“प्रुक?” सकाळी?

“ते, ते.” नाही. तिने दुसरा शब्द सांगितला, तो त्यांना कळला नाही. सकाळी नाही तर संध्याकाळी, एवढं त्यांनी धरलं.

आता काय सांगायचं? एवढीच संधी होती. बाई थांबली होती. मागे कोणीतरी कोंबड्या विकत होतं. किसनरावांकडे शब्द किती होते? मूठभर. त्यांतून त्यांनी वेचले.

“कौन, कोम तउ लान. चाम. पोलिस मोक.”

लेकराने गाडीत जाऊ नये. थांबावं. पोलिस येतात.

“पोलिस मोक?” बाईने विचारलं. तिच्या आवाजात भीती होती.

“बात,” किसनराव म्हणाले. “पोलिस मोक. कोम ख्लाच, बाँग.”

फोन ठेवल्यावर ते भाजीच्या टोपल्यांमध्येच खाली बसले. पोलिस येतात असं त्यांना कोणीही सांगितलं नव्हतं.

ते तडक सायबर शाखेत गेले. गीतांजली मॅडम फोनला बसल्या. अमरावतीहून मुंबई, मुंबईहून दिल्ली, दिल्लीहून तिकडे. त्यांनी आवाज चढवला, विनंत्याही केल्या. संध्याकाळपर्यंत एवढंच कळलं, की वकिलातीतला अधिकारी स्वतः तिथल्या पोलिसांकडे गेला आहे. जातील की नाही, सांगता येत नाही.

दुसरा दिवस किसनरावांनी कसा काढला ते त्यांनी कधी कोणाला सांगितलं नाही. फक्त एक गोष्ट त्यांनी दुपारी पार्बताबाईंजवळ कबूल केली.

“म्या खोटं सांगतलं तिले. थो गाडीत बसाले नाई म्हनन, त त्याले मारतीन. अन् पोलिस नाई आले, त…”

पार्बताबाई म्हणाल्या, “अन् गाडीत बसला असता त?”

“माईत नाई.”

“मंग झालं.” पण त्याही त्या दिवशी जेवल्या नाहीत.

ऊन उतरलं. तिकडे आपल्यापेक्षा आधी संध्याकाळ होते. दिवेलागणीला मॅडमचा फोन आला, तो पार्बताबाईंनी घेतला, कारण किसनरावांना घेववेना. पोलिस पोचले होते. चार नंबरच्या इमारतीतून पोरं बाहेर काढली होती. त्यांत अमरावतीचा गोपाल होता. मनगट मोडलेलं, पण चालत होता.

गोपालला घरी यायला आणखी महिना गेला. बडनेरा स्टेशनवर उतरला तो वाळून कोळ झालेला, हात गळ्यात बांधलेला. घरी आल्यावर त्याने थोडं थोडं सांगितलं. सोफाल मावशीने, तिचं नाव सोफाल, भाताचं ताट देताना त्याला बापाचा निरोप दिला होता. हातवारे करून, आणि पोलिस हा शब्द दोघांनाही कळणारा होता. गाडी आली तेव्हा तो संडासात शिरून आतून कडी लावून बसला. दार फोडून त्याला काढलं आणि लोखंडी सळईने मारलं. मारून होईपर्यंत बाहेर गलका झाला.

“तुमी पोलिस पाठवले म्हनून वाचलो बाबा,” तो म्हणाला.

किसनरावांना ते ऐकवेना. “पोलिस येनार हे मले माईत नव्हतं,” ते म्हणाले. “म्या अंदाजानं सांगतलं.”

गोपालने बापाकडे पाहिलं. मग आपल्या हाताकडे. तो उठून बाहेर गेला. कितीतरी दिवस तो बापाशी धड बोलला नाही. आई म्हणे, “अरे, त्याइनं काय कमी केलं?” तो म्हणे, “म्या कुठी म्हनलं कमी केलं म्हनून?” आणि भिंतीकडे तोंड करून पडे.

सोफालचा फोन आला तो मध्येच एका दुपारी, नव्या नंबरावरून. पोलिसांनी स्वयंपाकवाल्यांना विचारपूस करून सोडून दिलं होतं. ती आपल्या खेड्यात परतली होती. किसनरावांनी ‘बाँग, बाँग’ म्हणत निम्मं समजून घेतलं, निम्मं सुटलं. मग पार्बताबाईंनी फोन घेतला आणि सरळ वऱ्हाडीत बोलायला लागल्या. तिकडून सोफाल तिच्या भाषेत बोलत होती. दोघी एकाच वेळी बोलत होत्या आणि कोणीच थांबत नव्हतं.

गोपालच्या मनात काय होतं ते उमगलं त्यानंतर. एके सकाळी तो न सांगता इतवाऱ्यात आला, चांगल्या हाताने वांग्याचं क्रेट उचलून जागेवर ठेवलं आणि बापाच्या बाजूला बसला.

“बाबा, थ्या गाडीत बाकीचे गेले,” तो म्हणाला. “म्या दार लावून घेतलं, तवा चंदन बाहीर आवाज देऊन राह्यला होता. माह्याच रूममधला. अकोल्याचा. म्हने, चाल, नाई त दोघाइलेबी मारतीन. म्या दार नाई उघडलं. त्याले घेऊन गेले.”

किसनरावांनी हातातला तराजू खाली ठेवला.

“त्याच्या घरचे अजून वाट पायतात,” गोपाल म्हणाला. “मले एकट्यानं जाववत नाई तथी.”

दुसऱ्या दिवशी बापलेक अकोल्याला गेले. चंदनचे वडील खुशालराव यांचं घर जुन्या गावात होतं. त्यांनी दोघांना खाटेवर बसवलं, पाणी दिलं आणि गोपालचं तोंड बघत राहिले. गोपाल बोलायला लागला. गाडी कोणती होती, कोणत्या दिशेला वळली, चंदनच्या पायात कोणती चप्पल होती, सगळं. चंदनच्या हाकांपाशी तो आला, तेव्हा खुशालरावांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि तो काढला नाही.

सांगून झालं तेव्हा खुशालरावांनी आपला फोन पुढे केला. गेल्या आठवड्यात त्यावर बाहेरदेशाचा एक नंबर, सोफालच्या नंबरासारखाच सुरू होणारा, दोनदा वाजला होता. कोणी पुरुष होता. काय बोलला ते समजलं नव्हतं.

“पुन्हा येईन काय फोन?” त्यांनी विचारलं.

“येऊ शकते,” किसनराव म्हणाले. त्यांनी चप्पल काढून पाय वर घेतले. “आमी थांबतो अथी. तवरक तुमी माह्यामागं म्हना. हळू म्हना. बाँग.”

“बाँग,” खुशालराव म्हणाले.